पडद्यामागच्या सरस्वतीबाई

सामान्यज्ञानाच्या पुस्तकात दोन प्रश्न हमखास असतात. 'भारतीय चित्रपटाचे जनक कोण?' आणि 'पहिला भारतीय चित्रपट कोणता?' पाचवीतलं पोरसुद्धा झोपेतून उठून उत्तर देईल. दादासाहेब फाळके. 'राजा हरिश्चंद्र', ३ मे १९१३, मुंबईचं कॉरोनेशन थिएटर. तिसरा प्रश्न कुणी विचारत नाही, म्हणून मीच विचारते. त्या चित्रपटाची फिल्म धुतली कुणी?

आपल्या लहानपणी फोटोचा रोल संपला की तो 'धुवायला' टाकायचे, आठवतं ना? मोबाईलच्या जमान्यात मुलांना हे सांगितलं तर ती हसतात. पण धुणं हा फोटोग्राफीतला अर्धा प्राण. कॅमेऱ्यानं कितीही सुंदर चित्र टिपलं तरी अंधाऱ्या खोलीत ते नीट धुतलं गेलं नाही तर सगळी मेहनत मातीत. 'राजा हरिश्चंद्र'च्या वेळी या अंधाऱ्या खोलीत कामाला होत्या सरस्वतीबाई फाळके. दादासाहेबांच्या पत्नी.

मैत्रिणींनो, आपल्याकडे सरस्वतीबाईंचं नाव येतं ते 'पतीच्या स्वप्नासाठी अंगावरचे दागिने देणारी थोर स्त्री' म्हणून. ते खोटं नाही. दागिने त्यांनी दिलेच. पण मला राहून राहून वाटतं, दागिन्यांच्या गोष्टीनं त्यांच्या हातातलं कसब झाकून टाकलं आहे. त्याग केला म्हटलं की आपण हात जोडतो आणि पुढं विचारायचं राहून जातं, की या बाईला काय काय येत होतं?

तर आधी थोडी माहिती. माहेरच्या त्या गिरिजा करंदीकर. १९०२ साली लग्न झालं आणि त्या काळच्या रीतीप्रमाणे नाव बदलून त्या सरस्वती झाल्या. दादासाहेब बिजवर. गुजरातेत गोध्राला त्यांचा फोटो स्टुडिओ होता, तिथं प्लेगमध्ये पहिली पत्नी आणि मूल गेलं होतं. लग्नाच्या वेळी त्यांचं वय बत्तीस. पुढं पुरातत्त्व खात्यात फोटोग्राफर आणि ड्राफ्ट्समन म्हणून नोकरी मिळाली, ती १९०६ साली स्वदेशीच्या वाऱ्यात सोडली. लोणावळ्याला छापखाना काढला, तो दादरला आणला, तिथं भागीदारांशी बिनसलं. म्हणजे लग्नाला आठ-नऊ वर्षं होतात तोवर नोकरी नाही, धंदा नाही आणि घरात लहान मुलं. अशा वेळी कुणाही बाईनं धास्ती घ्यावी अशीच परिस्थिती.

नेमका याच सुमारास, १९१०-११मध्ये, दादासाहेबांनी गिरगावातल्या अमेरिका इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्ताच्या जीवनावरचा मूकपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्त आणि यांच्या डोळ्यांपुढं राम-कृष्ण, असं त्यांनीच पुढं लिहून ठेवलं आहे. मग सरस्वतीबाईंना घेऊन तो पुन्हा पाहिला. झालं! त्या दिवसापासून घरात दुसरा विषय नाही. खेळण्यातला एक स्वस्त कॅमेरा, फिल्मचे तुकडे, भिंग, मेणबत्ती. रोज संध्याकाळी भिंतीवर चित्रं पाडायची. झोप जेमतेम तीन तास. व्हायचं तेच झालं, डोळे गेले. अगदी दिसेनासं झालं. डॉक्टर प्रभाकर यांच्या उपचारानं आणि तीन-चार चष्म्यांच्या आधारानं दृष्टी परत आली, पण ते दिवस त्या घरानं कसे काढले असतील! नवऱ्याचं डोकं फिरलंय असं शेजारपाजारचे, नातेवाईक म्हणत असणारच. आपल्याकडे एवढ्यातेवढ्यावर म्हणतात.

मग विमा पॉलिसी गहाण टाकून फेब्रुवारी १९१२मध्ये दादासाहेब लंडनला गेले आणि विल्यमसन कंपनीच्या कॅमेऱ्याची खरेदी ठरवून एप्रिलात परत आले. गिरगावातलं बिऱ्हाड आता दादरला मथुरा भवनात आलं. तिथं एक काचेची खोली उभी राहिली, एक अंधारी खोली झाली, आणि सरस्वतीबाईंचं शिक्षण सुरू झालं.

इथं एक गोष्ट आवर्जून सांगायला हवी. आपल्या आधीही कॅमेरा फिरवणारा मराठी माणूस मुंबईत होता. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंची चलच्चित्रं दाखवली गेली, ती पाहून त्यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ साली हँगिंग गार्डनमधल्या कुस्तीचं चित्रीकरण केलं. रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले त्या स्वागताचीही फिल्म त्यांनी १९०१ साली घेतली. पण सावेदादांच्या त्या कुस्तीची फिल्म धुवायला गेली ती लंडनला! फाळक्यांनी ठरवलं की सगळं इथंच करायचं. आता 'इथंच' म्हणजे कुठं? तर घरात. आणि घरातलं काम म्हटल्यावर ते कुणाच्या वाट्याला येणार हे काय सांगायला पाहिजे?

या कामाची नीट कल्पना यावी म्हणून थोडा हिशेब मांडते. कंटाळू नका, मी गणितही शिकवते.

फिल्मची पट्टी ३५ मिलिमीटर रुंद. ती यंत्रात सरकावी म्हणून दोन्ही कडांना भोकं लागतात, त्यांत दातेरी चाक अडकतं. आज कुणी फिल्म विकत घेतली तर ती भोकांसकटच मिळेल. फाळक्यांकडे कोडॅकची फिल्म आली ती कोरी, बिनभोकांची. एका चित्राला दोन्ही बाजूंना चार-चार भोकं. एका फुटात सोळा चित्रं. म्हणजे फुटाला १२८ भोकं. 'राजा हरिश्चंद्र'ची लांबी ३,७०० फूट. करा गुणाकार. चार लाख ७३ हजार सहाशे! आणि ही फक्त निगेटिव्हची. पडद्यावर दाखवायची प्रत वेगळ्या फिल्मवर काढावी लागते, तिलाही तेवढीच भोकं. वाया गेलेली फिल्म तर हिशेबात धरलेलीच नाही.

भोकं पाडायचं यंत्र होतं, सुई-दाभण घेऊन बसायचं नव्हतं हे खरं. पण यंत्र हातानं चालवायचं आणि तेही अंधारात, कारण कोऱ्या फिल्मला उजेड लागला की ती गेलीच. हे काम सरस्वतीबाई करायच्या, रात्री, सगळ्यांची जेवणं आटोपल्यावर. अंधारात भोक केसभर जरी सरकलं तरी पडद्यावर चित्र थरथरायला लागतं. बोटांनाच डोळे हवेत. आपण काळोखात उठून दिवा न लावता बाळाचं लंगोट बदलतो, तशी काहीशी ती सवय असेल, पण इथं चूक पैशांत मोजली जात होती आणि पैसे कर्जाचे होते.

त्यानंतर धुणं. लाल दिव्याच्या मिणमिणत्या उजेडात फिल्म औषधाच्या पाण्यात बुडवायची आणि चित्र हळूहळू उमटताना पाहत राहायची. कमी ठेवली तर चित्र फिकं, जास्त राहिली तर काळं. लाडवाचा पाक करणारीला हे लगेच कळेल. एकतारी झाला, आता उतरवा, हा क्षण घड्याळ सांगत नाही. पुढं पाण्यात धुवायची, हायपोच्या पाण्यात चित्र पक्कं करायचं, पुन्हा धुवायची, वाळवायची. पाणी गरम झालं तर फिल्मवरचा लेप मऊ पडतो, आणि मुंबईच्या उकाड्यात पाणी गार ठेवायचं हेच एक काम. औषधं तोलून कालवायची तीही सरस्वतीबाईंनीच. त्या काळची फिल्म नायट्रेटची, ठिणगी पडली की भडकन पेट घेणारी. आणि हे सगळं चुली-कंदिलांच्या घरात, पोराबाळांच्या पायात.

दिवसा चित्रीकरण असेल तेव्हा आणखी एक काम. विजेचे मोठाले दिवे नव्हते, सगळा भरवसा उन्हावर. नटाच्या चेहऱ्यावर सावली पडू नये म्हणून पांढरी चादर धरून ऊन परतवायचं. ती चादर धरून सरस्वतीबाई तासन् तास उन्हात उभ्या राहायच्या. चादर कुठल्या कोनात धरली की उजेड कुठं पडतो हे कळणं म्हणजे छायाचित्रणाचा श्रीगणेशाच की! कॅमेऱ्यात फिल्म भरायलाही त्या शिकल्या होत्या. आणि नटमंडळींचा स्वयंपाक, कपडे धुणं हे होतंच. ते कोण मोजतं?

दादासाहेबांना एका गोष्टीचं श्रेय मोकळ्या मनानं द्यायला हवं. १९१२ साली स्वतःच्या बायकोला यंत्र शिकवणारे नवरे किती होते? आज आमच्या ओळखीत असे आहेत की बायकोला स्कूटर शिकवताना दुसऱ्या दिवशी चिडून किल्ली काढून घेतात. फाळक्यांनी पत्नीला मदतनीस म्हणून का होईना, पण पूर्ण विद्या दिली. त्यांनी आणखी एकाला घरातच तयार केलं. त्र्यंबक तेलंग, त्यांच्या त्र्यंबकेश्वरचे मित्र. तेलंग कॅमेरा फिरवायला शिकले आणि 'राजा हरिश्चंद्र'चे छायालेखक झाले. गुरू एक, शाळा एक. इतिहासाच्या पुस्तकात छायालेखक म्हणून तेलंगांचं नाव आहे. हरिश्चंद्र झालेले दाबके आहेत, तारामती झालेले साळुंके आहेत, रोहिदास झालेला फाळक्यांचा मुलगा भालचंद्रही आहे. अंधाऱ्या खोलीसाठी वेगळी ओळच नाही.

हो, तारामती पुरुषानं केली होती. बाई मिळेचना. जाहिरात दिली, कलावंतिणींकडे जाऊन विचारलं, त्यांनीही नकार दिला. शेवटी ग्रँट रोडच्या एका खाणावळीत काम करणारा साळुंके नावाचा नाजूक हातांचा पोरगा सापडला. तिथं त्याला महिना दहा रुपये होते, फाळक्यांनी पंधरा देऊ केले. असं सांगतात की त्याआधी दादासाहेबांनी सरस्वतीबाईंनाच तारामती होशील का म्हणून विचारलं होतं. त्या नाही म्हणाल्या. कारण लाजेचं नव्हतं. मी तिथं उभी राहिले तर ही बाकीची कामं कोण करणार, असा त्यांचा व्यवहारी सवाल होता म्हणे. नायिका दुसरा कुणीही होऊ शकतो, अगदी खाणावळीतला पोरगासुद्धा, पण भोकं पाडायला आणि फिल्म धुवायला दुसरं माणूस नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

मी रोह्याला राहते आणि आठवड्यातून तीन दिवस पेणला शिकवायला जाते. ही गोष्ट नववीच्या वर्गात सांगितली तेव्हा मागच्या बाकावरच्या एका मुलीनं हात वर केला. "बाई, साळुंकेला पंधरा रुपये. मग सरस्वतीबाईंना किती?" वर्ग हसला. मी म्हटलं, "अगं, त्या घरच्याच होत्या." माझं उत्तर तिला पटलेलं दिसलं नाही. तिची आई गणपतीच्या कारखान्यात काम करते.

पेणच्या मैत्रिणींना काय ते लगेच समजेल. मूर्ती साच्यातून निघाली की तिला घासून गुळगुळीत करायची, दागिन्यांचे बारीक रंग भरायचे, खडे चिकटवायचे, या कामाला गल्लोगल्ली बायकांचे हात असतात. मूर्ती जाते मुंबईला, पुण्याला, परदेशीसुद्धा. कारखान्याच्या पाटीवर नाव बहुतेक ठिकाणी आजोबांचं, वडिलांचं किंवा मुलाचं. पण निदान तिथं आठवड्याची मजुरी मिळते. घरच्याच कारखान्यातली सून असेल तर तीही नाही, ती 'हातभार लावते'. आमच्याकडच्या पोह्याच्या पापडांचंही तेच होतं, पण बचत गट झाले आणि पाकिटावर बायकांच्या गटाचं नाव छापून यायला लागलं. या 'हातभार' शब्दाचं मला अलीकडे फार वाटायला लागलंय. सरस्वतीबाईंनी पतीला हातभार लावला असं सगळे लिहितात. तेलंगांनी मित्राला हातभार लावला असं कुणी लिहीत नाही.

परदेशात काही निराळं होतं अशी समजूत नको. पॅरिसजवळ व्हॅन्सेनला पाथे कंपनीच्या कारखान्यात फिल्मच्या इवल्याशा चित्रांत रंग भरायला शेकडो मुली बसवल्या होत्या, कारण बायकांची बोटं बारीक कामाला बरी. ती रंगीत फुलपाखरं, परकऱ्या पोरी आजही संग्रहालयांत पाहतात. रंग भरणाऱ्या बहुतेकींची नावं कुणी लिहून ठेवली नाहीत.

पुन्हा दादरला येऊ. बाहेरची काही दृश्यं कर्जत लाइनीवरच्या वांगणी गावाजवळ घेतली गेली. तलवारी-भाले घेतलेली माणसं पाहून गावकऱ्यांना दरोडेखोर वाटले, अशी गंमत सांगतात. सहा महिने आणि सत्तावीस दिवस काम चाललं. २१ एप्रिल १९१३ला ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांना चित्रपट दाखवला आणि ३ मेपासून कॉरोनेशनला लोकांसाठी लागला. खेळ चालला, पैसे आले. त्याच वर्षी कुटुंब नाशिकला गेलं आणि पुढचा 'मोहिनी भस्मासुर' निघाला. त्यात दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला, अशा दोन बायका पडद्यावर आल्या. याच कमलाबाई म्हणजे चंद्रकांत गोखल्यांच्या आई आणि विक्रम गोखल्यांच्या आजी. 'राजा हरिश्चंद्र'नंतर काही महिन्यांतच पडद्यावर बाई आली. कॅमेऱ्यामागं यायला मात्र तिला फार वेळ लागला. बी. आर. विजयालक्ष्मी या बाईंनी स्वतंत्रपणे चित्रपटाचं छायाचित्रण केलं ते १९८५ साली. सर्वोत्कृष्ट छायाचित्रणाचा राष्ट्रीय पुरस्कार बाईला पहिल्यांदा मिळाला तो अंजुली शुक्ला यांना, २००९ सालच्या 'कुट्टी स्रांक' या मल्याळम चित्रपटासाठी. मधली सत्तर-ऐंशी वर्षं बायका फिल्म हाताळत नव्हत्या असं थोडंच आहे?

नाशिकचा संसार मोठा होता. नट, कामगार, त्यांची बिऱ्हाडं, सगळं एका कुटुंबासारखं. १९१४चं महायुद्ध आलं आणि कोरी फिल्म महागली, मिळेनाशी झाली. पुन्हा ओढाताण. १९१७चा 'लंका दहन' धो धो चालला, त्यात राम आणि सीता दोन्ही साळुंकेच! १९१८ साली भागीदारांबरोबर हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली. 'कालिया मर्दन'मध्ये (१९१९) कृष्ण झाली ती फाळक्यांची लेक मंदाकिनी. मुलगा आधीच रोहिदास झालेला, आता लेक कृष्ण. आई मात्र पडद्यावर नाही. मग भागीदारांशी मतभेद, कंपनी सोडून काशीला जाणं, परत येणं. बोलपट आला आणि मूकपटाची विद्या मागं पडली. १९३७चा 'गंगावतरण' हा दादासाहेबांचा शेवटचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ला नाशिकला ते गेले तेव्हा सिनेमाचा धंदा कुठल्या कुठं गेला होता आणि त्यांची आठवण फारशी कुणी ठेवली नव्हती. सुबत्तेची वर्षं थोडी, ओढगस्तीची जास्त, असाच सरस्वतीबाईंचा संसार झाला.

दागिन्यांबद्दल माझ्या एका शेजारणीचं मत ऐकण्यासारखं आहे. ती म्हणाली, "तुम्ही शहाण्या बायका अशा गोष्टी कौतुकानं लिहिता आणि आमच्या घरचे उद्या टमटम घ्यायला आमच्या पाटल्या मागतात." तिचं म्हणणं मी खोडून काढू शकले नाही. सरस्वतीबाईंचा डाव जमला म्हणून आपण तो गौरवतो. न जमलेले डाव आपल्या आजूबाजूला कितीतरी असतील. मला एवढंच दिसतं की त्यांनी डोळे मिटून दागिने काढून दिले नाहीत. धंदा काय आहे, फिल्म कशी चालते, पैसा कुठं जातो, हे त्या स्वतः त्यात उतरून पाहत होत्या. पाटल्या मागणाऱ्याला निदान "मला आधी काम शिकव" असं म्हणायला काय हरकत आहे?

दादासाहेबांच्या नावाचा पुरस्कार १९६९ सालापासून दिला जातो आणि पहिला मान एका बाईचा आहे, देविकाराणींचा. सरस्वतीबाईंच्या वाट्याला आठवण आली ती बऱ्याच उशिरानं. परेश मोकाशी यांचा २००९ सालचा 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' बहुतेकजणींनी टीव्हीवर पाहिला असेल. ऑस्करसाठी भारतातर्फे तोच गेला होता. नंदू माधव दादासाहेब आणि विभावरी देशपांडे सरस्वतीबाई. हसरी, कामसू, नवऱ्याच्या वेडाला न घाबरणारी सरस्वती त्यात छान रंगवली आहे. नसेल पाहिला तर मुलांना घेऊन जरूर पाहा. सुट्टीतल्या दुपारी घरातल्या तीन पिढ्या बसून हसतील असा तो आहे.

आणि मूळ 'राजा हरिश्चंद्र'? तो पूर्ण उरलेला नाही. काही भाग तेवढे शिल्लक आहेत, आणि मोबाईलवरही पाहायला मिळतात. आवाज नाही, मधे मधे लिहिलेल्या पाट्या येतात, म्हणून लहान मुलांना वाचून दाखवावं लागतं. त्यात एक जलक्रीडेचं दृश्य आहे. राणी आणि सख्या पाण्यात, सगळ्या साड्या चिंब. सगळे पुरुषच, पण पाहताना क्षणभर विसर पडतो. चित्र थोडं हलतं, कडेला ओरखडे आहेत. तरी शंभराहून अधिक वर्षांनी उन्हाची तिरीप पाण्यावर चमकलेली स्पष्ट दिसते.